गावात दोन स्मशानभूमी: शेड मागायचं की वाट मागायची?

माळरान (धागाकर्ता)

गेल्या भाद्रपदात माझे थोरले चुलते गेले. चार दिवस पाऊस उघडला नव्हता. रात्री अकराला फोन आला, मी पुण्याहून निघालो. सकाळी पोचलो तेव्हा मयत ओसरीवर होतं आणि माणसं एकाच गोष्टीवर बोलत होती, ओढ्याला पाणी किती आहे.

मराठवाड्यातल्या आमच्या गावात दोन स्मशानभूमी आहेत. एक गावाची. वेशीपासून तिथपर्यंत सिमेंटचा रस्ता, वर पत्र्याचं शेड, ओट्यावर लोखंडी सांगाडा, बसायला बाकडी, हातपंप. दुसरी आमची, बौद्ध वस्तीची. वस्तीच्या खालच्या अंगाला ओढा आणि ओढ्यापलीकडे गायरानातली बाभळींची मोकळी जागा. शेड नाही, ओटा नाही, रस्ता नाही.

पाणी कंबरेच्या वर होतं. तिरडी खांद्यावरून नेता येईना, हात वर करून डोक्यावरून न्यावी लागली. पलीकडे सरण रचलं तर लाकूड पेटेना. डिझेल ओतलं, टायर लावले. शेवटी चुलतभाऊ घरी परत गेला, शेळ्यांच्या गोठ्यावरचे चार पत्रे उचकटून घेऊन आला. आम्ही आठ जणांनी ते सरणावर आडवे धरले. पत्रा तापला की ओलं पोतं हाताला गुंडाळून दुसऱ्याने धरायचा. दीड तास. ते पत्रे चुलत्यांनी स्वतः बाजारातून डोक्यावर आणले होते, हे त्याच वेळी कुणीतरी बोललं.

गावातला माझा वर्गमित्र, मराठ्याचा, ट्रॅक्टरमध्ये वाळक्या पऱ्हाट्या भरून ओढ्यापर्यंत आला आणि तिथून भारे डोक्यावर घेऊन आमच्याबरोबर पाण्यात उतरला. हे लिहिणं मला गरजेचं वाटतं, कारण गावाबद्दल माझ्या मनात नुसता राग नाही. परत येताना मी त्याला विचारलं, "वरच्या शेडमध्ये नेलं असतं तर?" तो थांबला. म्हणाला, "माझं काही नाही रे. पण मी एकटा कुणाकुणाला सांगू?"

रात्री वडिलांना तेच विचारलं.

"तिकडं आजवर कोण गेलंय का?"

"कुणी नको म्हणलं होतं का?"

"कुणी इचारलंच नाही, तर नको कोण म्हणंल?"

हे वाक्य तेव्हापासून माझ्या डोक्यात आहे. गावात आता कुणी "शिवू नको" म्हणत नाही. हॉटेलात कप वेगळे नाहीत, एसटीत शेजारी बसतात, माझ्या लग्नाला अर्धं गाव जेवून गेलं. पण कोण कुठे राहतं, रस्ता कुठे संपतो, नळाला शेवटी पाणी कुणाकडे येतं आणि मेल्यावर कुणी कुठे जायचं हे सगळं आधीच ठरलेलं आहे. ते कुणी ठरवलं असं विचारलं तर एकाचंही नाव पुढे येत नाही.

2 ऑक्टोबरच्या ग्रामसभेत आम्ही वस्तीतल्या सतरा जणांनी अर्ज दिला: गावाची स्मशानभूमी सर्व ग्रामस्थांसाठी खुली आहे असा ठराव घ्यावा. अर्ज वाचून झाल्यावर बराच वेळ कुणी बोललं नाही. मग एक सदस्य म्हणाले, "दलित वस्तीच्या योजनेतून तुम्हाला तिकडंच शेड देऊ, ओढ्यावर फरशी टाकून देऊ. वाद कशाला?" त्यांच्या बोलण्यात उर्मटपणा नव्हता, उलट मदतीचाच सूर होता. आणि तिथेच आमची वस्ती दोन भागांत वाटली गेली. म्हाताऱ्या माणसांना शेड आणि पूल पाहिजे, कारण पुढच्या पावसाळ्यात पुन्हा कुणीतरी जाणारच. पोरांना एकच स्मशानभूमी पाहिजे, म्हणजे गावाच्या स्मशानाची वाट सगळ्यांना खुली.

तुमच्याकडे काय आहे? आणि तुम्ही असता तर काय मागितलं असतं?

---

कोरडवाहू

माळरान, वाचून वाईट वाटलं. पण एक मनापासून सांगतो, राग मानू नका. सगळीकडे असं नाही. आमच्या गावात (मीही मराठवाड्यातलाच, मराठा) 14 एप्रिलच्या जयंतीला आम्ही वर्गणी देतो, मिरवणुकीत चालतो. सप्ताहाच्या पंगतीला तुमच्या समाजाची माणसं असतात. दोन-अडीच एकर कोरडवाहू जमिनीवर आम्ही तरी कुठे सुखात आहोत? सोयाबीनला भाव नाही, पोरांची लग्नं जमत नाहीत. गावातली गरिबी सगळ्यांची आहे. ती जातीत वाटली की भांडणं वाढतात असं मला वाटतं. शेड मिळतंय तर घ्यावं.

---

माळरान

राग नाही. तुमची सोयाबीनची अडचण खरी आहे, माझ्या वर्गमित्राची तीच आहे. पण त्याच्या गरिबीत त्याच्या वडिलांना कुणी "अरे" म्हणत नाही. माझे वडील एकाहत्तर वर्षांचे आहेत. गावातला विशीतला पोरगा त्यांना नावाने हाक मारतो आणि ते त्याला "मालक" म्हणतात. पोराच्या मनात अपमान करायचं नसतं. त्याने घरात तसंच ऐकलेलं असतं.

एकच विनंती. तुमच्या गावात स्मशानभूमी किती आहेत ते एकदा बघा.

---

नदीकाठ

सांगली भागातलं सांगते. आमच्याकडे स्मशानभूमी एकच आहे, बरीच वर्षं. ते ज्या पिढीने केलं तिचा मला अभिमान आहे. पण बेंदराला, म्हणजे आमच्याकडच्या पोळ्याला या. मारुतीच्या देवळापुढे आधी मानाचे बैल, मग भावकीचे, मग बाकीचे, सगळ्यात शेवटी वस्तीतले. त्यातल्या एकाने तीन वर्षांपूर्वी खिलार जोडी घेतली, गावात तशी दुसरी जोडी नाही. त्याला रांगेत शेवटीच उभं राहावं लागलं. दोन तास उन्हात. झुली घामाने ओल्या झाल्या होत्या. मानाचं घराणं म्हणजे तरी काय, जुन्या वतनाचाच क्रम तो.

---

येसकराचा नातू

आजोबांनी येसकरकी, म्हणजे गावची वेस राखायची महाराची वतनी चाकरी, केली होती. नाव त्याच कारणाने घेतलंय. थोडं सविस्तर लिहितो, कारण हा धागा स्मशानाचा आहे आणि स्मशानाशी आमचा संबंध काय होता हे नव्या पोरांना माहीत नाही.

गावात कुणी मेलं की परगावच्या सोयऱ्यांना सांगावा पोचवायचं काम महाराचं. पावसात, रात्री, वीस-वीस मैल चालत. सरणाची लाकडं फोडून नेऊन टाकायची तीही महाराने. मढ्यावरचं कापड हा त्याचा हक्क. मेलेलं ढोर ओढणं, वेस राखणं, सरकारी अंमलदार आला की त्याच्या घोड्यापुढे पळणं, हे सगळं वतनाचं काम. बदल्यात भाकरी, बलुतं आणि थोडी जमीन. ती जमीन इतक्या वाटण्यांत गेली की घराला काही गुंठे उरले. बाबासाहेबांनी 1928 मध्ये मुंबई कायदेमंडळात वतनाच्या कायद्यात दुरुस्तीचं विधेयक मांडलं होतं. शेवटी कनिष्ठ गावकामगारांची वतनं रद्द झाली ती 1958 च्या कायद्याने. कोल्हापूर संस्थानात शाहू महाराजांनी त्याच्या कितीतरी आधी, 1918 मध्येच महारकी वतन मोडायला घेतलं होतं.

म्हणजे पिढ्यान्‌पिढ्या गावातल्या प्रत्येक घरच्या सरणाला ज्याने लाकडं नेली, त्याच्या स्वतःच्या सरणाला मात्र आडोसा नाही.

आता तुमच्या प्रश्नाबद्दल. 1923 मध्ये रावबहादूर बोल्यांनी मुंबई कायदेमंडळात ठराव आणला आणि सार्वजनिक पाणवठे कागदावर सगळ्यांना खुले झाले. 1924 मध्ये महाड नगरपालिकेनेही चवदार तळं खुलं केलं. एक घागर कुणी भरू शकलं नाही. 20 मार्च 1927 ला हजारो माणसं चालत गेली तेव्हा पाणी प्यायले, आणि त्याच दिवशी परतणाऱ्यांना मार पडला. मग खटला चालला आणि 17 मार्च 1937 ला उच्च न्यायालयाने निकाल आपल्या बाजूने दिला. ठरावापासून निकालापर्यंत चौदा वर्षं गेली.

चवदार तळ्याचं पाणी प्यायल्याने आपण अमर होणार नाही, ते प्यायलो नाही म्हणून आजवर मेलोही नाही, इतरांसारखीच आपणही माणसं आहोत हे सिद्ध करायला तिथे जायचं आहे, अशा अर्थाचं बाबासाहेब त्या वर्षी बोलले होते. महाडला त्यांना वेगळं तळं खोदून देतो म्हटलं असतं तर त्यांनी घेतलं असतं का, एवढाच विचार करा. मी शेडच्या विरोधात आहे.

---

पाटाचं पाणी

नातूसाहेब, मुद्दा पटतो. पण महाडला पाणी पिऊन लोक आपापल्या गावी गेले आणि मार गावागावात खाल्ला. माळरान पुण्याला परत जाणार. वडील तिथेच राहणार. गिरणी, किराणा, मजुरी, ऊसतोडीची उचल हे सगळं ज्यांच्या हातात आहे त्यांना रोज तोंड द्यायचं आहे ते वडिलांना. शेड पाहिजे म्हणणाऱ्या म्हाताऱ्यांना भित्रं समजू नका. त्यांनी ओलं सरण पेटवलंय.

---

तालुका कोर्ट

वीस वर्षं वकिली करते आहे, त्यातली बरीच अट्रॉसिटीच्या केसेसमध्ये. कायदा काय आहे ते आधी सांगते.

संविधानाच्या कलम 17 ने अस्पृश्यता संपवली. 1955 चा कायदा आला, तोच पुढे नागरी हक्क संरक्षण अधिनियम झाला. 1989 चा अत्याचार प्रतिबंधक कायदा 30 जानेवारी 1990 पासून लागू आहे. 2015 च्या दुरुस्तीने, जी 26 जानेवारी 2016 पासून लागू झाली, त्यात स्पष्ट लिहिलं गेलं: दफन किंवा दहनभूमी, नदी, विहीर, नळ, रस्ता अशा सामाईक गोष्टी वापरायला अडवणं हा गुन्हा. लग्नाची वरात काढू न देणं, घोड्यावर बसू न देणं, सायकल-मोटरसायकल चालवू न देणं, हेही त्यात आहे. हे कलम वाचताना मला नेहमी वाटतं, प्रत्येक शब्दामागे कुठल्या तरी गावातली घडलेली गोष्ट आहे. त्याशिवाय "नवे कपडे घालणे" हे शब्द कायद्यात कुणी कशाला लिहील?

सामाजिक आणि आर्थिक बहिष्कार हाही त्याच दुरुस्तीने गुन्हा झाला. महाराष्ट्राचा स्वतंत्र सामाजिक बहिष्कार प्रतिबंधक कायदा 2016 मध्ये मंजूर झाला आणि जुलै 2017 पासून लागू आहे. तीन वर्षांपर्यंत कैद, एक लाखापर्यंत दंड.

माळरान, तुमची अडचण अशी आहे की तुम्हाला अजून कुणी अडवलेलं नाही. "कुणी विचारलंच नाही" या गोष्टीवर गुन्हा नोंदवता येत नाही. म्हणून ठराव मागितलात ते योग्य केलंत, कारण आता उत्तर द्यावंच लागेल. अर्जाची पोच घेतली आहे ना? नसेल तर उद्याच घ्या. ग्रामसभेच्या इतिवृत्ताची नक्कल मागा. त्या सदस्यांचं "तिकडंच शेड देऊ" हे वाक्य त्यात आलं आहे का ते बघा.

आता जे कायद्याच्या पुस्तकात नाही ते. फिर्याद दिली की आठवड्याभरात बहुतेक वेळा उलटी फिर्याद येते, चोरीची नाहीतर छेडछाडीची. तपास पोलीस उपअधीक्षक दर्जाच्या अधिकाऱ्याने करायचा असतो आणि दोषारोपपत्र 60 दिवसांत द्यायचं असतं. प्रत्यक्षात खटला उभा राहीपर्यंत साक्षीदार त्याच गावात मजुरी करत असतात. नगर जिल्ह्यातल्या खर्ड्याला 2014 मध्ये एका शाळकरी दलित मुलाचा खून झाला. दिवसाउजेडी. नोव्हेंबर 2017 मध्ये सगळे आरोपी निर्दोष सुटले, साक्षीदार फितूर झाले होते. फितूर हा शब्द कोर्टात फार सहज वापरतात. माझ्या एका केसमधला साक्षीदार पिंजऱ्यात उभा राहून माझ्याकडे बघत होता आणि "मला काही दिसलं नाही" म्हणत होता. बाहेर आल्यावर तो माझ्या पायाशी बसून रडला. त्याच्या मुलीचं लग्न तीन आठवड्यांवर होतं आणि मंडपवाला, टेम्पोवाला, आचारी, सगळे गावातलेच होते.

हे घाबरवायला लिहीत नाही. सतरा सह्या आहेत तुमच्याकडे. त्या टिकवा. एकट्याचा अर्ज असता तर मी वेगळा सल्ला दिला असता.

---

खडूफळा

मी जिल्हा परिषद शाळेत शिक्षिका आहे. स्मशानाबद्दल मला सांगता येणार नाही, पण मुलं हे कुठून शिकतात ते रोज दिसतं.

माझ्या आधीच्या शाळेत पोषण आहार शिजवायला वस्तीतल्या एका ताईंची नेमणूक झाली. पहिल्या आठवड्यात काही मुलं घरून डबे आणायला लागली. कुणी कारण सांगितलं नाही. "पोट दुखतं", "तिखट लागतं". दुसरीतली एक मुलगी डबा उघडून बसायची आणि शेजारणीच्या ताटातल्या खिचडीकडे बघत राहायची. मी जवळ गेले तर हळूच म्हणाली, "बाई, मला खिचडीच आवडते. पण आजीने सांगितलंय." मी माझं ताट घेऊन तिच्या शेजारी बसले आणि रोज तिथेच जेवायला लागले. घरी बोलावून, घरी जाऊन, आजीशी बोलून अडीच महिने गेले. शेवटी डबे बंद झाले. दोन मुलं मात्र त्या वर्षी खासगी शाळेत गेली.

आणखी एक, हे माझ्याच हातून होत होतं. शिष्यवृत्तीचे फॉर्म भरताना मी वर्गात मोठ्याने म्हणायचे, "एससीची मुलं उभी राहा." सगळेच शिक्षक म्हणतात. एका वर्षी एक मुलगा उभाच राहिला नाही. शिष्यवृत्ती बुडाली तरी चालेल, पण उभं राहायचं नाही, असं आठ वर्षांच्या पोराने ठरवलं होतं. तेव्हापासून मी यादी घेऊन पालकांकडेच जाते.

---

खुर्ची नंबर एक

राखीव जागेवर पाच वर्षं सरपंच होते. योजनेतल्या शेडबद्दल अनुभवाचं सांगते.

वस्ती विकासाचा पैसा येतो तेव्हा काम वस्तीचं असावं लागतं. मग रस्ता असा आखतात की तो गावातल्या मोठ्या वाड्यापासून निघतो आणि वस्तीच्या पहिल्या घराजवळ संपतो. कागदावर तो वस्तीचाच रस्ता. ग्रामपंचायतीच्या स्वतःच्या उत्पन्नातले 15 टक्के मागासवर्गीयांवर खर्च करायचे असतात, ते आमच्याकडे वर्षानुवर्षं "पथदिवे" या एका शब्दात संपायचे. मी हिशेब मागितला तेव्हा माझ्याविरुद्ध अविश्वास ठराव आला. थोडक्यात वाचला, कारण दोन बायका सदस्यांनी ऐनवेळी हात वर केला नाही. दोघी गावातल्याच घरच्या होत्या. त्यांना घरी काय ऐकावं लागलं ते मला माहीत आहे.

म्हणून माझं मत: शेडसुद्धा नुसत्या तोंडी शब्दावर सोडू नका. अंदाजपत्रक, जागेची मोजणी, तांत्रिक मंजुरी, सगळं लेखी. नाहीतर एकच स्मशानभूमी मागणारे गप्प होतील आणि शेडही होणार नाही. हे मी होताना पाहिलंय.

---

पालावरचा

पारधी आहे. तुम्ही दोन स्मशानांबद्दल बोलता. आमच्या पालाला एकही नाही. आजीला रात्री गायरानात पुरलं. सकाळी माणसं आली, म्हणाली उकरा. दुसऱ्या शिवारात नेलं. तुमच्या अर्जात "सर्व ग्रामस्थ" लिहिलंय. पाल ग्रामस्थांत धरता का ते लिहा.

---

माळरान

पालावरचा, तुम्हाला काय उत्तर द्यावं ते दोन दिवस सुचलं नाही. आमच्या शिवारात पाच पालं आहेत. अर्ज लिहिताना त्यांच्याकडे आम्ही गेलो नाही, आठवणही झाली नाही. मातंग वस्तीतही आम्ही फक्त निरोप पाठवला होता, बसून बोललो नव्हतो. आमच्यात आणि त्यांच्यात हातपंपावरून जुनी धुसफूस आहे आणि ती आम्ही कधी मिटवली नाही. ज्याची तक्रार गावाबद्दल करतो आहे, तेच मी केलं.

रविवारी पालावर गेलो होतो. नव्या अर्जात "पालावर राहणाऱ्या कुटुंबांसह" असं लिहिलं. मातंग वस्तीतून नऊ सह्या आल्या.

---

कोरडवाहू

तुम्ही बघायला सांगितलं होतं. दिवाळीला गावी गेलो तेव्हा ग्रामपंचायतीत जाऊन मालमत्तेची नोंदवही काढायला लावली. आमच्याकडेही दोन आहेत. मला माहीतच नव्हतं, कारण दुसरीकडे जायची वेळच कधी आली नाही. नोंद अशी आहे: "1. सार्वजनिक स्मशानभूमी. 2. बौद्ध स्मशानभूमी."

"सार्वजनिक" हा शब्द मी खूप वेळ वाचत बसलो. आम्ही जिथे जातो ती सार्वजनिक.

आमच्या अण्णांना दाखवलं. ते म्हणाले, असंच असतंय, त्यात काय. मी त्यांच्याशी वाद घातला नाही, घालायला पाहिजे होता. वर मी शेड घ्या म्हणून लिहिलं होतं, ते मागे घेतो. 26 जानेवारीच्या ग्रामसभेत ही नोंद बदलण्याचा विषय मी माझ्या नावाने देणार आहे. अर्जाचा नमुना मिळेल का?

---

तालुका कोर्ट

कोरडवाहू, नमुना व्यक्तिगत निरोपात पाठवते. तुमच्या बाजूच्या माणसाच्या नावाने असा विषय आला तर त्याचं वजन फार वेगळं असतं. तुमच्याबरोबर अजून दोन-तीन जण मिळाले तर बघा.

---

माळरान

काल वस्तीत बुद्धविहारात बैठक झाली, त्याचं लिहितो.

शेड की वाट, यावर तीन तास गेले. पोरं चवदार तळ्यावर बोलली, म्हातारी माणसं ओढ्यावर. शेवटी वडील उठले. बैठकीत ते कधी बोलत नाहीत. म्हणाले, "मला वरच्या अंगाला न्या. पावसाळ्यात गेलो तर वढ्यात उतरू नका. पोरं वाहून जातील. अन् फरशी पण मागा, पलीकडं आपली शेळ्या-गुरं चरत्यात, त्येंला लागतीच."

मग तसंच ठरलं. स्मशानभूमी एकच, ठराव तोच. ओढ्यावर फरशी पूल मागायचा, पण तो चराईच्या आणि शेताच्या वाटेसाठी, स्मशानासाठी नाही. वेगळं शेड घ्यायचं नाही. चार घरांना हे पटलेलं नाही आणि त्यांनी सही केली नाही. त्यांच्यावर जोर करायचा नाही असंही ठरलं.

वर्गमित्राला फोन केला. ठरावाच्या वेळी तू येऊन बस, बोलू नकोस, नुसता हात वर कर, एवढंच म्हणालो. तो "बघतो" म्हणाला. रात्री साडेदहाला त्याचा परत फोन आला, त्याच्या बायकोलाही यायचंय म्हणून.

इतिवृत्ताची नक्कल अजून हातात आलेली नाही. माहिती अधिकारात अर्ज टाकला आहे.